आरसा एक सांगतो, कॅमेरा दुसरंच

अंधाऱ्या खोलीत मोठी काच उभी केलेली. अलीकडे तुम्ही, अंगावर प्रकाशझोत. पलीकडे कॅमेरा, आणि त्यानं टिपलेलं तुमचं चित्र प्रोजेक्टर त्याच काचेवर टाकतोय. अमेरिकी कलावंत पीटर कॅम्पस यांची १९७२ मधली 'इंटरफेस' ही व्हिडिओ कलाकृती एवढीच. बघायला जावं तर बघण्यासारखं तिथं आपणच असतो!

साधी काच समोरून आलेल्या प्रकाशापैकी जेमतेम आठ टक्के परत पाठवते. एरवी तो जाणवत नाही. पण खोली काळोखी आणि माणूस उजेडात असला की तेवढा पुरतो. रात्रीच्या एसटीत खिडकीच्या काचेत आपलाच चेहरा दिसतो, तो याच हिशेबानं. म्हणजे काचेवर तुम्ही दोनदा: एक प्रतिबिंब, एक व्हिडिओ.

आता उजवीकडे सरका. प्रतिबिंब तुमच्यासोबत उजवीकडे येतं, व्हिडिओतले तुम्ही मात्र डावीकडे चालू लागता. कॅमेरा तुमच्याकडे तोंड करून आहे; तुमची उजवी ती त्याची डावी. दोघांना एकावर एक आणायचं तर मधोमध यावं लागतं, आणि तिथंही भांग जुळत नाही.

चारचौघांना दिसतो तो चेहरा कॅमेऱ्यातला. आपल्या सवयीचा आरशातला. १९७७ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात विद्यार्थिनींना स्वतःचा आरशासारखा उलटवलेला फोटो जास्त आवडला, त्यांच्या मैत्रिणींना सरळ. सेल्फी काढताना फोन आपल्याला उलटं चित्र दाखवतो, तेही या सवयीला धरूनच.

अमेरिकी कलावंत डॅन ग्रॅहम यांनी १९७४ मध्ये यात वेळ मिसळला. 'प्रेझेंट कंटिन्युअस पास्ट्स'मध्ये आरशाच्या भिंती आत्ताचं दाखवतात, पडदा आठ सेकंदांपूर्वीचं. आरशात पडलेला पडदाही कॅमेरा टिपतो. त्यामुळे पडद्यात सोळा सेकंदांपूर्वीचे तुम्ही, त्याच्या आत चोवीस. मला ही कलाकृती जास्त खट्याळ वाटते. हात हलवून 'हा मीच' अशी खात्री करून घ्यायची सोयच तिनं काढून घेतली आहे.

ही सोय लहान मुलांना किती लागते, ते १९९० च्या दशकातल्या प्रयोगांत दिसलं. आरशात कपाळावरचा ठिपका पाहून दोन वर्षांचं मूल बहुधा स्वतःच्या कपाळाला हात लावतं. पण डोक्यावर नकळत स्टिकर चिकटवून काही मिनिटांनी त्याचं चित्रण दाखवलं, तर दोन-तीन वर्षांची बहुतेक मुलं नुसती बघत राहिली. स्टिकर काढायला हात गेले ते बहुतेक चार वर्षांच्यांचे.