घराचं कर्ज शेवटी कितीला पडतं?

घर घ्यायचं ठरलं की आमच्याकडे सल्ल्याला येणाऱ्या बहुतेकांचा पहिला प्रश्न एकच असतो, हप्ता किती बसेल? प्रश्न चुकीचा नाहीये, पगारातून घरखर्च भागवून हप्ता भरायचा म्हटल्यावर तोच आधी सुचणार. पण हप्ता फक्त एवढंच सांगतो की या महिन्यात तुम्हाला झेपेल का. कर्ज महाग पडतंय की स्वस्त हे हप्त्यावरून कळत नाही, आणि मुदत वाढवली की तोच हप्ता लहान दिसायला लागतो, कर्ज मात्र आणखी महाग झालेलं असतं. म्हणून हे माहितीपत्रक काढलंय. सही करायच्या आधी निवांत वाचा, आणि घरातले जे जे हप्त्याला हातभार लावणार आहेत त्या सगळ्यांनी वाचा.

हिशोब सोपा जावा म्हणून सगळीकडे एकच उदाहरण घेतलंय : कर्ज १० लाख, व्याज वर्षाला ९ टक्के, मुदत २० वर्षं, व्याज दर महिन्याला शिल्लक रकमेवर. तुमचं कर्ज ३० लाख असेल तर आकडे तिप्पट करा, गणित तेच राहतं.

या कर्जाचा हप्ता बसतो ८,९९७. असे २४० हप्ते, म्हणजे एकूण भरणा २१ लाख ५९ हजार. घेतले १० लाख, वर व्याज गेलं ११ लाख ५९ हजार. म्हणजे व्याज मुद्दलापेक्षा जास्त झालं, आणि यात बँकेने काही फसवलंय असं नाही, ९ टक्क्याने २० वर्षं पैसे वापरले की एवढं होतंच. फक्त हे सही करताना माहीत असायला हवं, दहा वर्षांनी नाही.

पहिल्या काही वर्षांत हप्ता जातो कुठे

इथे बरेच जण दचकतात म्हणून जरा सावकाश सांगतो. पहिल्या महिन्यात तुमच्यावर पूर्ण १० लाख बाकी आहेत, त्याचं एका महिन्याचं व्याज झालं ७,५००. हप्ता ८,९९७ चा, म्हणजे मुद्दलातून कमी झाले फक्त १,४९७. पुढच्या महिन्यात बाकी थोडी कमी, व्याज थोडं कमी, मुद्दलाकडे थोडे जास्त, असं मुंगीच्या पावलाने चालतं. वर्षभरात तुम्ही जवळपास १ लाख ८ हजार भरता आणि त्यातून कर्ज उतरतं १८,७२७. दहा वर्षं झाली की तुमचे १० लाख ८० हजार भरून झालेले असतात, म्हणजे घेतलेल्या कर्जापेक्षाही जास्त, आणि तरी बाकी दाखवते ७ लाख १० हजार. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो १४९ व्या हप्त्याला, तेराव्या वर्षात. आणि अर्धं कर्ज फिटायला लागतात १४ वर्षं, उरलेलं अर्धं मग सहा वर्षांत फिटतं.

हे कळलं की दोन गोष्टी आपोआप कळतात. एक, घर पाच-सहा वर्षांत विकायचा विचार असेल तर तोपर्यंत कर्ज फारसं उतरलेलं नसणार, विकून आलेल्या पैशातून मोठा वाटा बँकेला जाणार, तो धरूनच हिशोब करा. दुसरी, जादा पैसे भरायचे तर सुरुवातीच्या वर्षांत भरावेत, ते का ते पुढे येईलच. तुमच्या कर्जाचं असं महिन्या-महिन्याचं वेळापत्रक बँक देते, मिळालं नसेल तर मागून घ्या.

मुदत वाढवली की काय होतं

आमच्या मते ग्राहकाचं सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं, आणि ते हसत हसत होतं, कारण हप्ता कमी झाल्याचा आनंद असतो. तेच १० लाख, तेच ९ टक्के, पण मुदत ३० वर्षं केली तर हप्ता होतो ८,०४६. महिन्याला ९५१ वाचले. आणि एकूण व्याज होतं १८ लाख ९७ हजार, म्हणजे ७ लाख ३७ हजार जास्त. उलटं करून बघा, १५ वर्षं घेतली तर हप्ता १०,१४३, महिन्याला ११४५ जास्त, पण व्याज उतरून येतं ८ लाख २६ हजारावर, ३ लाख ३३ हजार वाचतात.

अजून एक बघण्यासारखं आहे. मुदत कितीही ताणली, ४० वर्षं करा नाहीतर ५०, या कर्जाचा हप्ता ७,५०० च्या खाली जाऊच शकत नाही कारण तेवढं तर नुसतं व्याज आहे. म्हणजे एका हद्दीनंतर वर्षं वाढत जातात आणि हप्ता जेमतेम हलतो. म्हणून आम्ही सांगतो की मुदत ठरवताना जेवढी सहन होईल तेवढी छोटी घ्या, पण ओढाताण होईल इतकी छोटीही नको, कारण हप्ता चुकला की दंड लागतो, क्रेडिट स्कोर खराब होतो आणि वाचवलेलं सगळं तिथे जातं. ज्यांचं उत्पन्न कमी-जास्त होत असतं त्यांनी मोठी मुदत घेऊन जमेल तेव्हा जादा भरणं हाच मार्ग बरा, अट एकच, जादा भरायला दंड नसावा, आणि खरंच भरायचे, नुसते ठरवायचे नाहीत.

अर्धा टक्का म्हणजे काही विशेष नाही?

९ ऐवजी साडेआठ टक्के मिळाले तर हप्ता ३१९ ने कमी होतो, ऐकायला काहीच नाही. २० वर्षांत तो फरक ७६ हजारांच्या वर जातो. म्हणून दोन-तीन ठिकाणी विचारपूस करायची लाज धरू नका. मात्र दर विचारताना कोणत्या पद्धतीने व्याज लावणार ते नक्की विचारा. फ्लॅट रेट म्हणून जो सांगतात त्यात व्याज पूर्ण मुदतभर मूळ रकमेवरच लागतं, तुम्ही कितीही फेडलेलं असो. ६ टक्के फ्लॅट ऐकायला किती छान वाटतं, पण १० लाखांवर २० वर्षांचं व्याज होतं १२ लाख, म्हणजे ९ टक्के रिड्युसिंग (शिल्लक रकमेवर व्याज) वाल्यापेक्षाही जास्त. घराच्या कर्जात फ्लॅट रेट फारसा नसतो, पण घरासाठी म्हणून दुसरीकडून वरचे पैसे उचलले जातात तिथे हमखास भेटतो.

फ्लोटिंग रेट असेल तर हे वाचाच

फ्लोटिंगमध्ये, म्हणजे व्याजदर मधूनमधून बदलतो अशा कर्जात, दर वाढला तर बरेचदा हप्ता तोच ठेवतात आणि मुदत गुपचूप वाढते. एखादा मेसेज येतो, आपण वाचून सोडून देतो. समजा अगदी सुरुवातीलाच दर ९ चा १० झाला आणि हप्ता ८,९९७ च राहिला, तर २४० हप्त्यांचे होतात ३१४. एक टक्क्यात सहा वर्षांपेक्षा जास्त वाढली! आणि दर ११ झाला तर महिन्याचं व्याजच ९,१६७ होतं, म्हणजे हप्त्यातून व्याजसुद्धा भागत नाही आणि तुम्ही वेळच्या वेळी भरत असूनही बाकी वाढायला लागते. अशा वेळी बँका सहसा हप्ता वाढवायला सांगतात, पण त्याची वाट बघत बसू नका. दर बदलला की लगेच विचारा, माझे हप्ते आता किती उरले, आणि जमत असेल तर मुदत तीच ठेवून हप्ता वाढवून घ्या.

फिक्स्ड घेत असाल तर तो किती वर्षांसाठी फिक्स्ड आहे ते कागदावर बघा. काही कर्जांत पहिली दोन-तीन किंवा पाच वर्षंच दर बांधलेला असतो, पुढे फ्लोटिंग होतो, आणि जाहिरातीत तो सुरुवातीचाच दर मोठ्या अक्षरात असतो.

बारीक खर्च जे कर्जातच मिसळून जातात

प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, व्हॅल्युएशन (घराची किंमत ठरवून घेणं), कागदपत्रांचा खर्च, हे एकदाच द्यायचे असतात आणि निदान दिसतात तरी. जास्त सांभाळायचं ते कर्जाच्या विम्याकडे. विमा वाईट आहे असं अजिबात नाही, घरात कमावणारा एकच असेल तर कर्जाएवढं विमा संरक्षण हवंच हवं. पण त्याचा एकरकमी प्रीमियम कर्जातच टाकून देतात तेव्हा त्यावरही २० वर्षं व्याज चढतं. ५० हजारांचा प्रीमियम असा कर्जात गेला की हप्ता ४५० ने वाढतो आणि शेवटी तो प्रीमियम पडतो १ लाख ८ हजाराला. तर आधी विचारा की हाच विमा घेणं सक्तीचं आहे का, बाहेरून घेता येईल का, आणि प्रीमियम वेगळा भरता येईल का.

दोन बँकांची तुलना करताना नुसता दर धरू नका, फी वगैरे सगळं धरून वर्षाला टक्के किती पडतात ते मागा, त्याला एपीआर म्हणतात. दर कमी आणि फी जबरदस्त, असंही असतं.

बाकी घरपट्टी, सोसायटीचा मेंटेनन्स, दुरुस्त्या, घराचा विमा, नोंदणीचा खर्च हे कर्जात येत नाहीत पण तुमच्याच खिशातून जातात, हप्ता ठरवताना यांना जागा ठेवा.

जादा भरले तर किती फरक पडतो

पहिलं वर्ष संपल्यावर १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच चालू ठेवला तर साधारण ५० हप्ते कमी होतात, चार वर्षांहून जास्त, आणि व्याज वाचतं जवळपास साडेतीन लाख. तेच १ लाख पंधरा वर्षांनी भरले तर वाचतात ४८ हजारांच्या आसपास. पैसे तेच, फक्त वेळ वेगळी. एकदम मोठी रक्कम जमत नसेल तर दर वर्षाच्या शेवटी एक हप्ता जादा भरा, कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास संपतं आणि साधारण २ लाख ३० हजार व्याज वाचतं.

जादा भरताना अर्जात स्पष्ट लिहा की मुदत कमी करा, हप्ता नको. काही ठिकाणी न सांगता हप्ता कमी करून टाकतात, मग फायदा बराच कमी होतो. पावती आणि नवीन वेळापत्रक घेतल्याशिवाय तिथून उठू नका.

आता दुसरी बाजूही सांगायला हवी. सगळी शिल्लक कर्जात ओतू नका, निदान काही महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते हाताशी ठेवा, कारण कर्जात भरलेले पैसे अडचणीत परत मागता येत नाहीत, निदान सहज तरी नाही. डोक्यावर क्रेडिट कार्डाचं किंवा पर्सनल लोनचं महाग कर्ज असेल तर आधी ते मिटवा. आणि महागाईमुळे पुढचे हप्ते आजच्या मानाने हलके होत जातात हेही खरं, महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर विसाव्या वर्षीच्या ८,९९७ ची किंमत आजच्या साधारण ३,४०० एवढीच असेल. त्यामुळे ११ लाख ५९ हजार व्याज बघून घर घ्यायचंच नाही असं कुणी म्हणू नये, इतकी वर्षं भाडं भरणं हाही खर्चच आहे. पण उत्पन्न महागाईबरोबर वाढलं तरच हे हलकं वाटतं.

कर्ज दुसरीकडे नेताना

दहा वर्षं झाली, बाकी ७ लाख १० हजार, दुसरी बँक म्हणते आम्ही ८ टक्क्याने देतो, हप्ता फक्त ५,९४१! महिन्याला तीन हजार वाचले म्हणून लोक खूश होतात. पण ती मुदत पुन्हा २० वर्षांची असते. जुन्या ठिकाणी १० लाख ८० हजार भरायचे राहिले होते, नव्या ठिकाणी भरावे लागतात १४ लाख २६ हजार. दर कमी होऊनही साडेतीन लाखाचा तोटा. तेच कर्ज ८ टक्क्याने उरलेल्या १० वर्षांसाठीच नेलं तर हप्ता ८,६१७ आणि ४५ हजार वाचतात, त्यातून नव्या बँकेची फी वजा करा, काही उरत असेल तरच हलवा. आणि आधी आपल्याच बँकेला दर कमी करायला सांगून बघा, थोडी फी घेऊन करून देतात काही वेळा.

आमच्याकडे याल तेव्हा सँक्शन लेटर (कर्ज मंजुरीचं पत्र), सध्याचं वेळापत्रक आणि शेवटच्या वर्षाचं कर्जाचं स्टेटमेंट बरोबर आणा. कर्ज अजून घ्यायचं असेल तर बँकेने दिलेलं कोटेशन चालेल, फक्त त्यावर दर, मुदत, दर कधी बदलू शकतो आणि मुदतीआधी फेडलं तर दंड किती, ही चार उत्तरं लिहून घेतलेली असू द्या. तोंडी सांगितलेलं आम्ही हिशोबात धरत नाही.