किल्लारीचा भूकंप आणि घरदुरुस्तीतून पुढे आलेल्या स्त्रिया

गणेशविसर्जन आटोपून गावे नुकतीच झोपली होती. ३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे चारच्या सुमारास ६.२ तीव्रतेच्या भूकंपाने लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातील किल्लारी, सास्तूर परिसर जमीनदोस्त केला. मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती आणि वर्षानुवर्षे थर चढवून जड झालेली माळवदे अंगावर कोसळल्यामुळे जवळपास ८ हजार माणसे गेली.

पूर्ण उद्ध्वस्त झालेली ५२ गावे नव्या जागी वसवण्यात आली. तिथली घरे बहुतांशी ठेकेदारांनी आणि देणगीदार संस्थांनी बांधली. रस्ते रुंद झाले, घरे ओळीत आली, पण जुनी गल्ली आणि हाकेच्या अंतरावरचा शेजार मात्र विखुरला. ज्या स्त्रीचा सारा दिवस त्या घरात जाणार होता, तिला चूल कुठे असावी, गुरे कुठे बांधावीत, हे फारसे कोणी विचारलेच नाही. ही चूक साधी नव्हती.

स्त्रियांचा खरा शिरकाव झाला तो जिथे घरे तडकली होती, पण उभी होती, अशा शेकडो गावांमध्ये. जागतिक बँकेच्या साहाय्याने १९९४ मध्ये सुरू झालेल्या पुनर्वसन कार्यक्रमात या गावांतील घरमालकांनी सरकारी मदत घेऊन आपली घरे स्वतःच दुरुस्त आणि मजबूत करायची होती. भिंतीत आरपार जाणारे दगड का बसवायचे, माळवदावरची माती का कमी करायची, हे दारोदार जाऊन समजावणारे कोणीतरी हवे होते. प्रेमा गोपालन यांच्या स्वयम् शिक्षण प्रयोग या संस्थेने हे काम महिला मंडळांकडे सोपवण्याचा आग्रह धरला आणि गावोगावच्या स्त्रिया ‘संवाद सहायक’ झाल्या. ज्यांना चारचौघांत बोलण्याची सवय नव्हती, त्या अभियंत्यांना प्रश्न विचारू लागल्या आणि ग्रामसभेत बसू लागल्या. माझ्या मते, त्यांना हे स्थान मिळाले ते सहानुभूतीपोटी नव्हे, तर बांधकामाची माहिती त्यांच्या हाती आल्यामुळे.

घरांचे काम सरल्यावरही ही मंडळे मोडली नाहीत. त्यांतूनच बचत गट उभे राहिले आणि पाणी, आरोग्य, शेती हे विषय बैठकांत आले. २००१ मध्ये कच्छ हादरले, तेव्हा लातूर-उस्मानाबादच्या या स्त्रिया तिकडच्या भूकंपग्रस्त बायकांना भेटायला गेल्या.