घडीची वही कशी वापरावी: एतेल अदनान यांच्या कामावरून

या पाकिटातली वही शिवलेली नाही. ती एकच पट्टी आहे: 18 सेंमी उंच, 216 सेंमी लांब, 9 सेंमी रुंदीच्या 24 पानांत नागमोडी दुमडलेली. चित्रकार हिला लेपोरेलो म्हणतात. मोझार्टच्या ऑपेरात डॉन जोव्हानीचा नोकर लेपोरेलो मालकाच्या प्रेमपात्रांची लांबलचक यादी उलगडून दाखवतो, त्यावरून हे नाव पडलं.

ही वही काय काय करू शकते ते बघायचं तर एतेल अदनान (1925–2021) यांचं काम बघावं. जन्म बैरूतचा. वडील दमास्कसचे, ऑटोमन सैन्यातले अधिकारी. आई स्मर्नाची (आजचं तुर्कस्तानातलं इझमीर) ग्रीक. घरात ग्रीक आणि तुर्की, शाळेत फ्रेंच; अरबी तेवढी राहून गेली. वडील त्यांना अरबी व्याकरणाच्या पुस्तकातून मजकूर उतरवायला बसवत. अर्थ पुरता कळत नसे, पण हाताला वळण लागलं. पुढे त्या कॅलिफोर्नियात सॅन राफेलच्या कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवू लागल्या. फ्रेंच सत्तेविरुद्ध अल्जीरियाचं युद्ध चालू होतं, फ्रेंचमध्ये लिहिणं नकोसं झालं आणि रंग हाती आले. तैलचित्रं त्या छोटीच करत: कॅनव्हास टेबलावर आडवा, रंग पॅलेट नाइफने (रंग कालवायच्या बोथट पातीने) लावलेला, चित्र बहुधा एका बैठकीत पुरं.

घडीच्या वह्या 1960 च्या दशकात आल्या. त्यांत त्यांनी बद्र शाकिर अस-सय्याब यांच्यासारख्या अरब कवींच्या कविता स्वतःच्या हाताने उतरवल्या आणि शब्दांभोवती शाई, जलरंग खेळवले. पहिले अंतराळवीर यूरी गागारिन 1968 मध्ये वारले, त्यावरची त्यांची कविताही अशा वहीत आहे. याला सुलेखन म्हणू नये. अक्षर शाळकरी आहे आणि तसंच ठेवलेलं आहे. तेव्हा आपलं अक्षर चांगलं नाही म्हणून वही कोरी ठेवू नका.

बरेच जण एका पानावर एक चित्र काढून थांबतात. मग साधी वही काय वाईट होती? दोन-तीन पानं एकदम उघडा आणि रेघ घडीवरून पुढे न्या. मजकूर पेन्सिलीने हलका मांडून घ्या. नाहीतर शब्द नेमका घडीत सापडतो. शब्द सुचेनासा झाला तर खूण काढा. लेबनॉनच्या यादवी युद्धावरच्या 59 कवितांच्या पुस्तकात (1980) अदनान यांनी ओळीच्या मधोमध हाताने काढलेल्या खुणा घातल्या आहेत. उर्दू किंवा अरबी लिहिणाऱ्यांनी वही उजवीकडून सुरू करावी, दोन्ही पुठ्ठे सारखेच आहेत.

घडीवर रंग पातळच हवा. जाड पोस्टर कलर दोन-चार वेळा उघडझाप होताच तडकतो. तैलरंग तर नकोच, तेल कागदात पसरून पिवळी कड धरतं. मार्कर पाठीमागे उमटतो आणि मागची 24 पानं वाया जातात. रंग वाळेपर्यंत वही नागमोडी उभी ठेवा. वरून कोरडा वाटणारा जलरंग मिटल्यावर समोरच्या पानाला चिकटतो, पावसाळ्यात तर हमखास. घाई असेल तर मध्ये बटर पेपर घाला.

दुसरी वही घरी करायची असेल तर 22 × 30 इंची हातकागदाचा एक ताव पुरतो. 18 × 73 सेंमीच्या तीन पट्ट्या कापा. प्रत्येकीच्या टोकाला 1 सेंमी चिकटवायला सोडा. उरलेले 72 सेंमी आधी निम्मे दुमडा, मग पुन्हा निम्मे, मग पुन्हा; शेवटी उघडून एकाआड एक घडी उलटी करा. एका टोकापासून 9-9 सेंमी मोजत गेलात तर अर्ध्या मिलिमीटरची चूक प्रत्येक घडीला वाढत जाते आणि गठ्ठा तिरका बसतो. पट्ट्या घट्ट खळीने जोडा; पातळ खळीने कागद फुगून सुरकुततो. गिरणीचा कागद घेतला तर त्याच्या तंतूंची दिशा घडीला समांतर हवी, नाहीतर घडी फाटल्यासारखी खरखरीत होते. दिशा ओळखायला एक चौकोनी तुकडा एका बाजूने ओला करा: तो ज्या अक्षाभोवती वळतो, तीच दिशा.

शेवटच्या तिसऱ्या पट्टीची सोडलेली कड मागच्या पुठ्ठ्याला जाते. पुठ्ठे लावल्यावर वही रात्रभर वजनाखाली ठेवावी.