गोड्या पाण्यातला दगा: मोठी सरोवरं, वादळं आणि बुडालेली जहाजं

१० नोव्हेंबर १९७५, संध्याकाळचे सात वाजून दहा मिनिटं. लेक सुपिरिअरवर मागून येणाऱ्या आर्थर एम. अँडरसन या जहाजाने रेडिओवर विचारलं, तुमच्या अडचणींचं काय चाललंय? पुढे असलेल्या एडमंड फिट्झजेराल्डचा कॅप्टन अर्नेस्ट मॅकसॉर्ली म्हणाला, आम्ही तग धरून आहोत. त्यानंतर काही मिनिटांत ते जहाज रडारवरून गायब. मदतीची हाक नाही, काही नाही. २२२ मीटर लांबीचं जहाज, पोटात २६ हजार टन लोहखनिजाच्या गोळ्या, २९ माणसं, आणि त्यातला एकही वाचला नाही. हे सगळं समुद्रात नाही, सरोवरात झालं, तेही व्हाइटफिश बे या खाडीच्या आसऱ्यापासून जेमतेम २७ किलोमीटरवर.

सरोवर म्हटलं की आपल्या डोक्यात शांत पाणी, होडी, फार तर बदकं येतात. अमेरिका आणि कॅनडाच्या मधली ही पाच ग्रेट लेक्स तशी नाहीत. एकट्या सुपिरिअरचं क्षेत्रफळ ८२ हजार चौरस किलोमीटर, सगळ्यात खोल जागी ४०६ मीटर, आणि पाचांचं मिळून पाणी म्हणजे जगातल्या पृष्ठभागावरच्या द्रवरूप गोड्या पाण्याचा साधारण पाचवा हिस्सा. आजवर तिथे सुमारे ६००० जहाजं बुडाली असं तिथलं शिपरेक म्युझियम सांगतं. मग लोक म्हणतात की इतकं मोठं आहे म्हणून धोकादायक. मला वाटतं खरी गोम उलटी आहे, ही सरोवरं समुद्रापेक्षा लहान आहेत म्हणून काही बाबतीत जास्त वाईट आहेत.

लाट कशी मोठी होते ते बघा. तीन गोष्टी लागतात, वाऱ्याचा जोर, तो किती वेळ वाहतोय, आणि उघड्या पाण्यावरून किती लांब वाहतोय. महासागरात ही लांबी हजारो किलोमीटर मिळते, त्यामुळे लाटा उंच तर होतातच पण लांबही होतात, दोन शिखरांमध्ये बारा-पंधरा सेकंदांचं अंतर पडतं. खोल पाण्यातल्या लाटेचं गणित सोपं आहे, सेकंदांचा वर्ग करायचा आणि १.५६ ने गुणायचं, की लाटेची लांबी मीटरमध्ये मिळते. बारा सेकंदांची लाट म्हणजे सव्वादोनशे मीटर, जहाज तिच्यावर चढतं, उतरतं, मध्ये सावरायला वेळ मिळतो. सरोवरात वाऱ्याला काही शे किलोमीटरच मिळतात (सुपिरिअर लांबीला साधारण ५६० किलोमीटर आहे), म्हणून लाट उंच होते पण लांब व्हायच्या आत किनारा येतो. सात सेकंदांची लाट फक्त ७५ मीटरची. म्हणजे चढ तीव्र, उतार तीव्र, आणि एकीतून नाक वर काढताय तोवर दुसरी हजर.

इथे एक गोष्ट इंटरनेटवर सारखी वाचायला मिळते, की गोडं पाणी हलकं असतं म्हणून त्याच्या लाटा जास्त उसळतात. हलकं असतं हे खरं, पण समुद्राच्या पाण्यापेक्षा फक्त अडीच टक्क्यांनी, आणि वरच्या गणितात तर पाण्याची घनता येतच नाही. तेव्हा ते सोडून द्या. त्या अडीच टक्क्यांचा परिणाम एवढाच की तेच जहाज गोड्या पाण्यात थोडं जास्त खाली बसतं.

नोव्हेंबर मात्र खरंच वाईट. उन्हाळाभर सरोवराने उष्णता साठवून ठेवलेली असते, पाणी सावकाश गार होतं, आणि उत्तर ध्रुवाकडून येणारी हवा एव्हाना बर्फासारखी झालेली असते. कोमट पाण्यावर ही गार हवा आली की खालची हवा तापून वर जायला लागते आणि तिच्या जागी वरचा जोरदार वारा खाली उतरतो. उन्हाळ्यात हाच वारा वरच्या वर निघून गेला असता, कारण तेव्हा पाणी हवेपेक्षा थंड असतं आणि खालचा थर जड होऊन जागचा हलत नाही. त्यात कमी दाबाची मोठाली चक्रं याच दिवसांत दक्षिण-पश्चिमेकडून येऊन सरोवरांवरून जातात. तिथले खलाशी याला नोव्हेंबरची चेटकीण म्हणतात.

फिट्झजेराल्डच्या वेळी नेमकं हेच झालं. ९ नोव्हेंबरला दुपारी ते विस्कॉन्सिनमधल्या सुपिरिअर बंदरातून निघालं, रात्री वादळाचे इशारे यायला लागले म्हणून कॅप्टनने उत्तरेकडचा, कॅनडाच्या किनाऱ्याच्या आडोशाचा लांबचा रस्ता धरला. निर्णय शहाणपणाचा होता, वारा तेव्हा उत्तर-पूर्वेकडून होता. पण दहा तारखेला दुपारी वादळाचं केंद्र पुढे सरकलं, वारा पश्चिम-वायव्येकडून फिरला आणि आता त्याला जवळजवळ अख्खं सरोवर मोकळं मिळालं, ज्याच्या दुसऱ्या टोकाला हे जहाज व्हाइटफिश बेकडे चाललं होतं. साडेतीनच्या सुमारास मॅकसॉर्लीने कळवलं की डेकचं रेलिंग पडलंय, हवा जायची दोन तोंडं (व्हेंट) गेलीत, जहाज एका बाजूला कललंय आणि पंप चालू आहेत. मग दोन्ही रडार बंद पडले आणि वर व्हाइटफिश पॉइंटचा दिवा आणि दिशा दाखवणारा रेडिओ बीकनही नेमके तेव्हाच बंद, त्यामुळे मागचं अँडरसन त्याला रेडिओवरून रस्ता सांगत होतं. पुढे कित्येक वर्षांनी हवामान शास्त्रज्ञांनी त्या वादळाचं आधुनिक कॉम्प्युटर मॉडेल चालवून पाहिलं, तेव्हा सात मीटरच्या वरच्या लाटा जिथे आणि ज्या वेळी सगळ्यात जोरात होत्या ती जागा आणि ती वेळ जवळजवळ तंतोतंत जहाज बुडाल्याचीच निघाली.

बुडालं कशामुळे यावर अजून भांडणं आहेत. कोस्ट गार्डच्या चौकशीने बोट दाखवलं मालाच्या कोठारांवरच्या हॅचच्या झाकणांकडे, ती नीट पाणीबंद नव्हती म्हणून हळूहळू पाणी आत गेलं. जहाजमालकांच्या संघटनेला हे मान्य नव्हतं, त्यांच्या मते कॅरिबू बेटाजवळच्या उथळ खडकावर तळ घासला. मला दोन्हीपेक्षा एक कंटाळवाणी गोष्ट महत्त्वाची वाटते. जहाज बांधलं गेलं १९५८ मध्ये आणि त्यानंतर १९६९, १९७१ आणि १९७३ मध्ये नियम बदलून त्याला हिवाळ्यात एकूण जवळजवळ एक मीटर जास्त खोल भरायला परवानगी मिळाली. म्हणजे डेक पाण्याच्या मीटरभर जवळ आला. त्यात कोठारांच्या मधल्या भिंती पाणी अडवणाऱ्या नव्हत्या आणि आत किती पाणी साठलंय हे कळायची सोयही नव्हती. आता जहाज १६० मीटर खोलीवर दोन तुकड्यांत पडलंय, पुढचा भाग सरळ, मागचा उलटा. पाणी जहाजाच्या लांबीपेक्षा कमी खोल आहे हे लक्षात घ्या. नाक तळाला आपटलं तेव्हा शेपूट अजून पाण्यावर असू शकतं.

दोन तुकडे होणं हा तिथल्या लांब जहाजांचा जुनाच रोग. मोठ्या वादळात दोन लाटांमधलं अंतर नऊ-दहा सेकंदांवर जातं, म्हणजे लांबी दीडशे मीटरच्या घरात, आणि ही जहाजं १८०-२०० मीटरची. मग कधी दोन्ही टोकं लाटांच्या माथ्यावर आणि पोट अधांतरी, तर लगेच पोट माथ्यावर आणि टोकं खाली लोंबतायत, असं दर दहा सेकंदांनी तासन् तास चालतं. जुनं स्टील थंडीत ठिसूळ होतं ते वेगळंच. १९५८ मध्ये लेक मिशिगनवर कार्ल डी. ब्रॅडली असंच तुटलं, ३५ पैकी ३३ गेले. १९६६ मध्ये लेक ह्युरॉनवर डॅनियल जे. मॉरेल तुटलं तेव्हा मागच्या भागातलं इंजिन चालूच होतं, तो अर्धा भाग पुढच्या अर्ध्याला सोडून अंधारात आपला चालत राहिला आणि तळावर हे दोन तुकडे काही किलोमीटर अंतरावर सापडले. २९ जणांतला एकटा डेनिस हेल तराफ्यावर ३८ तास काढून वाचला.

आणि समुद्रात वादळ आलं तर कॅप्टन किनाऱ्यापासून दूर जाऊन तोंड वाऱ्याकडे करून थांबू शकतो, इथे थांबायला जागाच नाही, वाऱ्याबरोबर वाहत गेलात की काही तासांत समोर खडक. नोव्हेंबर १९१३ च्या वादळात हेच दिसलं. चार दिवस चाललेलं ते वादळ मध्येच जरा ओसरलं, काही कॅप्टनांना वाटलं संपलं, निघाले, आणि ९ तारखेला दुसरी चाल आली. बारा जहाजं सगळ्या माणसांसकट गेली, त्यातली आठ एकट्या ह्युरॉनवर, मृत्यू अडीचशेच्या वर. नंतर एक मोठं जहाज उलटं तरंगताना दिसलं आणि ते कुठलं हे कळायलाच काही दिवस आणि एक पाणबुड्या लागला. ते होतं चार्ल्स एस. प्राइस. गोंधळ असा की प्राइसवरच्या काही माणसांचे मृतदेह किनाऱ्याला लागले ते म्हणे रेजिना नावाच्या दुसऱ्याच जहाजाची लाइफ जॅकेट घातलेले. यावर शंभर वर्षं चर्चा चाललीय.

लेक ईरीचा प्रकार निराळा. सरासरी खोली फक्त १९ मीटर, आणि सरोवर नैर्ऋत्य-ईशान्य असं लांबट, वारा बहुतेक त्याच दिशेने. जोराचा वारा काही तास लागला की पाणी बफेलोच्या टोकाला ढकललं जातं आणि टोलेडोच्या टोकाला बंदरात चिखल उघडा पडतो, वारा थांबला की परातीत पाणी हिंदकळावं तसं ते परत येतं, साधारण चौदा तासांची एक फेरी. याला शास्त्रात सेश म्हणतात. १८४४ साली बफेलोत असं पाणी तटबंदी ओलांडून आत आलं आणि ७८ जण गेले. शिकागोला २६ जून १९५४ रोजी झालं ते याचं चुलत भावंड. वेगाने जाणाऱ्या वादळी ढगांच्या रांगेने मिशिगनवर एक लाट उठवली, ती पलीकडच्या किनाऱ्यावर आपटून परत फिरली आणि शिकागोत पोचली तेव्हा वादळ जाऊन बराच वेळ झालेला, हवा छान, लोक धक्क्यावर मासे पकडत बसलेले. आठ जण वाहून गेले.

जगातल्या बाकी मोठ्या सरोवरांचे स्वभाव वेगळे. बैकालवर सार्मा नावाचा वारा डोंगरातल्या अरुंद दरीतून एकदम पाण्यावर कोसळतो, सेकंदाला ४० मीटर म्हणजे ताशी १४४ किलोमीटरपर्यंत. आफ्रिकेतल्या लेक व्हिक्टोरियावर धोका रात्रीचा. दिवसा जमीन तापते म्हणून ढग किनाऱ्यावर जमतात, रात्री जमीन गार होते, पाणी उबदार राहतं, चारही बाजूंनी वारा सरोवराच्या मध्याकडे येऊन भिडतो आणि वर चढून गडगडाटी वादळं होतात. आणि तिथले मच्छीमार डागा नावाची बारीक मासळी धरायला कंदील लावून नेमके रात्रीच लहान लाकडी होड्यांतून आत जातात. दरवर्षी तिथे हजारो माणसं बुडतात असा अंदाज दिला जातो, म्हणजे ग्रेट लेक्सच्या गाजलेल्या अपघातांपेक्षा कितीतरी जास्त, पण एकेका होडीची बातमी होत नाही. अर्थात तिथे सगळं वादळाच्या माथी मारता येत नाही. १९९६ मधली एमव्ही बुकोबा आणि २०१८ मधली एमव्ही न्येरेरे या दोन्ही फेरीबोटी प्रमाणाबाहेर माणसं भरल्यामुळे उलटल्या.

आता तळाकडे. समुद्रात लाकडी जहाज बुडालं की लाकूड पोखरणारा किडा काही दशकांत त्याचा फडशा पाडतो. तो खाऱ्या पाण्यातला, गोड्यात जगत नाही. त्यात खोलवरचं पाणी वर्षभर चार अंशांच्या आसपास, त्यामुळे कुजवणारे जीवाणूही सुस्त. (सुपिरिअर बुडालेल्यांना परत देत नाही असं म्हणतात तेही यामुळेच, शरीर कुजून वायू झाला नाही तर ते वर येत नाही.) १९१२ मध्ये ख्रिसमसची झाडं घेऊन जाताना बुडालेलं राउज सिमन्स १९७१ मध्ये सापडलं तेव्हा कोठारातल्या काही झाडांना अजून सुया होत्या.

मला यातलं सगळ्यात अंगावर आलेलं म्हणजे आयर्नटन नावाचं जहाज. १८९४ च्या सप्टेंबरमध्ये लेक ह्युरॉनवर ओहायो नावाच्या जहाजाशी टक्कर होऊन ते बुडालं, सातजण लाइफबोटीत उतरले, पण बोटीचा दोर जहाजाला बांधलेलाच राहिला, सुटेना, आणि जहाज खाली जाताना बोटीला घेऊन गेलं. पाच मेले, दोन वाचले. २०१९ मध्ये संशोधकांना ते सापडलं, तिन्ही डोलकाठ्या उभ्या, आणि मागे ती लाइफबोट, दोराने अजून बांधलेली. वाचलेल्यांची हकीकत सव्वाशे वर्षांनी शब्दशः खरी निघाली.

हे सगळं टिकेल याची मात्र खात्री नाही. १९८० च्या दशकाच्या शेवटी परदेशी जहाजांच्या बॅलास्ट पाण्यातून (जहाज स्थिर राहावं म्हणून टाक्यांत भरलेल्या पाण्यातून) झेब्रा आणि क्वागा शिंपले ग्रेट लेक्समध्ये आले आणि आता खालच्या चार सरोवरांतल्या जहाजांवर त्यांचे जाड थर बसलेत, नावं, कोरीवकाम सगळं झाकलं जातं, आणि ओझ्याने लाकूडही मोडतं. जहाजांनीच आणलेली कीड जहाजांना खातेय. एका बाबतीत हेच शिंपले कामाला आले, ते पाणी गाळून इतकं नितळ करतात की पाणबुड्यांना पूर्वी न दिसणारे अवशेष आता दिसतात, म्हणून सध्या तिथे सोनार आणि कॅमेरे घेऊन लोक घाईघाईने जमेल तेवढं नोंदवून घेतायत. सुपिरिअर त्यातून बराचसा सुटलाय, कारण त्याच्या पाण्यात कॅल्शियम कमी आणि शिंपल्याला कवच करायला तेच लागतं.