एक्सिजन आणि रिसेक्शन: ‘काढून टाकलं’ म्हणजे नेमकं काय काढलं?

डिस्चार्ज कार्डावरच्या दोन ओळी घ्या. एकीत लिहिलंय ‘एक्सिजन ऑफ लायपोमा, पाठ’, म्हणजे पाठीवरची चरबीची गाठ काढली; दुसरीत ‘स्मॉल बॉवेल रिसेक्शन अँड अ‍ॅनास्टोमोसिस’, म्हणजे लहान आतड्याचा भाग काढून टोकं जोडली. नातेवाइकांना विचारलं तर दोन्हींचं उत्तर एकच येईल: ऑपरेशन करून काढून टाकलं. ते खोटंही नाही. पण पहिल्या ऑपरेशननंतर पेशंट बहुधा त्याच दिवशी घरी जातो. दुसऱ्यानंतर मात्र पोटातला जोड धरतोय की नाही, याकडे काही दिवस सगळ्यांचे डोळे लागलेले असतात. दोन्हीकडे कापून काढायचंच काम झालेलं असताना एवढा फरक का पडतो, हे समजायला काढलेल्या गोष्टीइतकंच मागे उरलेल्या भागाकडेही बघावं लागतं.

सर्जन एक्सिजन म्हणतात तेव्हा निशाण्यावर सहसा एक ठरावीक गोष्ट असते: चरबीची गाठ, त्वचेवरचा संशयास्पद तीळ, सिस्ट. ती गोष्ट भोवतालच्या थोड्या निरोगी भागासह निघते आणि उरलेली जागा टाके घालून मिटते. चरबीची गाठ पातळ वेष्टणात असते, ते सांभाळून सोडवली की अख्खी बाहेर येते. त्वचेखालच्या सिस्टमध्ये जास्त जपावं लागतं. आतला पांढरट मगज नुसता पिळून काढला आणि पिशवीचं अस्तर आत राहिलं, तर ती पुन्हा भरते. त्यामुळे वरचं बारीक छिद्र असलेला त्वचेचा छोटा तुकडा आणि खालची संपूर्ण पिशवी असं एकत्रच काढतात. त्वचेवरचा छेद गोल न घेता होडीच्या आकाराचा, रुंदीच्या साधारण तिप्पट लांबीचा घेतात. गोल जखम ओढून शिवली की दोन्ही टोकांना त्वचेचे फुगवटे येतात.

मेलानोमा या त्वचेच्या कॅन्सरमध्ये भोवतालचा ‘थोडा निरोगी भाग’ किती घ्यायचा, तेही मोजूनमापून ठरतं. गाठ 1 मिलिमीटरपर्यंत जाड असेल तर सगळीकडून 1 सेंटिमीटर, 2 मिलिमीटरपेक्षा जाड असेल तर 2 सेंटिमीटर, असा सर्वसाधारण नियम आहे. यालाच वाइड लोकल एक्सिजन म्हणतात. नावात ‘वाइड’ असलं तरी इथे त्वचेचा एक तुकडा जातो, कुठल्या अवयवाचं काम थांबत नाही.

रिसेक्शनमध्ये अवयवाचाच एखादा भाग जातो, आणि उरलेल्या भागाला पुन्हा कामाला लावायचं असतं. मोठ्या आतड्याच्या कॅन्सरचं उदाहरण सगळ्यात बोलकं आहे. गाठ 4 सेंटिमीटरची असते आणि सर्जन त्याच्या कितीतरी पट लांब आतडं काढतात. हे ऐकून नातेवाइकांना धक्का बसतो, कधी संशयही येतो. कारण आतड्याच्या रक्तवाहिन्यांमध्ये आहे. आतडं पोटात एका पडद्याने टांगलेलं असतं. त्या पडद्यातून धमन्या येतात आणि त्याच वाटेने लिम्फ नोड्सची (लसिका ग्रंथींची) साखळी परत जाते. कॅन्सरच्या पेशी पसरल्या तर बहुधा याच साखळीतून. म्हणून गाठीला रक्त पुरवणारी धमनी मुळाशी बांधून, पडदा आणि त्यातले नोड्स यांच्यासकट तो टापू काढावा लागतो. पण धमनी बांधली की तिच्यावर जगणारं सगळं आतडं मरणार, त्यामुळे तेवढी लांबी जाणं भागच असतं. उजव्या बाजूची गाठ असेल तर लहान आतड्याचं शेवटचं टोक, सीकम (मोठ्या आतड्याची सुरुवातीची पिशवी), वर चढणारं मोठं आतडं आणि आडव्या आतड्याचा काही भाग असं सलग निघतं. मग पॅथॉलॉजिस्ट त्यातले नोड्स एकेक करून शोधतात. किमान 12 तपासावेत अशी अपेक्षा असते, कारण कमी नोड्स पाहून ‘पसरलेला नाही’ म्हणणं धाडसाचं ठरतं.

यानंतर उरलेली दोन टोकं जोडायची. कार्डावरचा अ‍ॅनास्टोमोसिस तो हाच. टाक्यांनी किंवा स्टेपलरने जोडताना दोन्ही टोकांना रक्त नीट पोचतंय ना आणि जोडावर ताण नाही ना, हे बघावं लागतं. जोड गळला तर आतड्यातली घाण पोटात पसरते. धोका जास्त वाटला तर काही काळासाठी वरचं आतडं पोटावर उघडून पिशवी लावतात, म्हणजे खालच्या जोडाला विसावा मिळतो. ही पिशवी बघून ऑपरेशन फसलं असं समजणारे खूप भेटतात. बऱ्याचदा ती आधीच ठरलेली असते.

असं जोडकाम यशस्वी होऊ शकतं हे 1881 साली व्हिएन्नात थिओडोर बिलरोथ यांनी दाखवलं. कॅन्सर झालेला जठराचा खालचा भाग काढून उरलेलं जठर त्यांनी लहान आतड्याला जोडलं. पेशंट ऑपरेशनमधून सावरली, पण पुढे काही महिन्यांतच कॅन्सर उलटून ती गेली. जठराच्या त्या जोडाला सर्जन अजून बिलरोथ यांचंच नाव देतात.

रिसेक्शनमध्ये किती काढता येईल, हे काय मागे उरेल त्यावर ठरतं. लिव्हर निरोगी असेल तर साधारण 25 ते 30 टक्के उरलं तरी भागतं. सिरॉसिस (लिव्हर कडक होत जाण्याचा आजार) असेल तर 40 टक्क्यांच्या आसपास लागतं. कापलेला भाग पुन्हा उगवत नाही, उरलेलं लिव्हर फुगून मोठं होतं. याचा फायदा आधीच घेता येतो. जो भाग काढायचा त्याच्या पोर्टल शिरेचा (आतड्याकडून लिव्हरला रक्त आणणारी शीर) रक्तपुरवठा बंद करून काही आठवडे थांबतात, तोवर दुसरी बाजू वाढते, मग ऑपरेशन. फुप्फुसात ही सोय नाही. उरलेलं फुप्फुस थोडं पसरून जागा भरतं, एवढंच. म्हणून तिथे आधी श्वासाच्या चाचण्या लागतात. लहान आतडं बरंच सोसतं, पण 200 सेंटिमीटरपेक्षा कमी उरलं तर अन्न पचून अंगी लागणं अवघड होतं. त्यातही कुठला भाग गेला हे महत्त्वाचं. शेवटचा बराचसा भाग गेला असेल तर व्हिटॅमिन बी 12 शोषलं जात नाही आणि त्याची इंजेक्शनं चालू ठेवावी लागतात.

इथपर्यंत सीमा स्पष्ट वाटते. प्रत्यक्षात ती बरीच धूसर आहे. स्तनातली गाठ भोवतालच्या भागासह काढतात त्याला कोणी वाइड लोकल एक्सिजन म्हणतं, कोणी सेगमेंटल रिसेक्शन. कोलोनोस्कोपीतून आतड्याच्या अस्तरावरचा पॉलिप (छोटी वाढ) सोलून काढतात त्याचं नाव एंडोस्कोपिक म्युकोसल रिसेक्शन, जरी पोटावर छेद नसतो आणि जोडायचंही काही नसतं.

सगळ्यात जास्त गैरसमज टीयूआरपी या प्रोस्टेटच्या ऑपरेशनबद्दल दिसतो. यातला ‘आर’ म्हणजे रिसेक्शनच. लघवीच्या मार्गातून दुर्बीण घालून तारेच्या लूपने प्रोस्टेटचा आतला वाढलेला भाग चकत्या-चकत्या करून काढतात, मार्ग मोकळा होतो. बाहेरचा भाग जागच्या जागी राहतो आणि प्रोस्टेटचे बहुतेक कॅन्सर नेमके त्या बाहेरच्या भागात होतात. ‘माझं प्रोस्टेट काढलंय, आता पीएसए (प्रोस्टेटची रक्तचाचणी) कशाला?’ असं म्हणणाऱ्याने आधी कार्डावर नक्की काय लिहिलंय ते वाचावं. रॅडिकल प्रोस्टेटेक्टॉमी असेल तर ग्रंथी पूर्ण गेलेली असते, आणि पीएसए तेव्हाही मोजतात, फक्त वेगळ्या कारणाने: कॅन्सर परत डोकावतोय का ते बघायला.

अमेरिकेत मेडिकल कोडिंग करणाऱ्यांच्या, म्हणजे नोंदी आणि बिलासाठी प्रत्येक ऑपरेशनला ठरावीक कोड देणाऱ्यांच्या जगात तर गणितच वेगळं आहे. तिथल्या हॉस्पिटलांत 2015 पासून वापरात असलेल्या आयसीडी-10-पीसीएस पद्धतीत एक्सिजन म्हणजे शरीरभागाचा काही अंश काढणं आणि रिसेक्शन म्हणजे तो शरीरभाग पूर्ण काढणं. सर्जनच्या बोलण्यात रिसेक्शन बहुतेकदा अर्धवट असतं, कोडरच्या लेखी ते पूर्ण. शिवाय शरीरभाग कशाला म्हणायचं हेही तीच पद्धत ठरवते. फुप्फुसाच्या प्रत्येक लोबला (खंडाला) तिथे स्वतंत्र स्थान आहे, त्यामुळे एक लोब पूर्ण काढला की रिसेक्शन आणि लोबचा पाचरीसारखा तुकडा काढला की एक्सिजन, सर्जनने नोटमध्ये ‘वेज रिसेक्शन’ असं ठळक लिहिलं असलं तरी. लिम्फ नोड्सचंही तसंच: साखळीतले काही काढले तर एक्सिजन, अख्खी साखळी काढली तर रिसेक्शन. मला ही व्याख्या नीटनेटकी वाटते, पण वॉर्डातल्या बोलण्याला ती लावली तर घोटाळा होणारच.

कॅन्सर असेल तर दोन्हींच्या शेवटी हातात पडतो तो हिस्टोपॅथॉलॉजीचा रिपोर्ट. काढलेल्या तुकड्याची दिशा कळावी म्हणून सर्जन एका बाजूला खुणेचा टाका घालतात, लॅबमध्ये त्याच्या कडांना शाई लावतात, आणि मायक्रोस्कोपखाली बघतात की कॅन्सरच्या पेशी शाईपर्यंत पोचल्यात का. कडा स्वच्छ असतील तर आर-0, कडेला पेशी फक्त मायक्रोस्कोपखाली दिसत असतील तर आर-1, डोळ्यांना दिसणारी गाठच मागे राहिली असेल तर आर-2. त्वचेवरच्या एक्सिजनची कड स्वच्छ आली नाही तर आणखी थोडी त्वचा काढणं बहुतेकदा शक्य असतं. स्वादुपिंडाच्या रिसेक्शननंतर आर-1 आला तर तसं करता येत नाही, कारण कडेला लागूनच आतड्याची मुख्य धमनी आणि पोर्टल शीर असते. तिथे पुढचं काम केमोथेरपी, कधी रेडिएशन यांच्यावर सोपवावं लागतं.