'८०जी'ची पावती म्हणजे दिलेले पैसे परत?

दीक्षाभूमीवर अन्नदान असो की वस्तीतल्या वाचनालयासाठीची वर्गणी, नागपुरात देणाऱ्यांची कमी नाही. पण '८०जी' या देणगीवरच्या आयकर सवलतीबद्दल वर्षानुवर्षं एक समज फिरतोय: "८०जीची पावती घ्या, दिलेले सगळे पैसे टॅक्समधून परत येतात." हे खरं नाही, आणि यामुळे साध्या माणसांचा हिरमोड होतो, म्हणून लिहितोय.

ही सवलत करात नाही, करपात्र उत्पन्नात मिळते. बहुतेक नोंदणीकृत संस्थांना दिलेल्या देणगीची निम्मी रक्कमच वजा होते, तीही ठरावीक मर्यादेत. समजा सीताबर्डीतल्या एखाद्या दुकानदाराने १०,००० रुपये दिले. उत्पन्नातून ५,००० वजा होतील. तो २० टक्क्यांच्या टप्प्यात असेल तर कर वाचेल साधारण १,००० रुपये. उरलेले ९,००० त्याच्याच खिशातून गेले, तेच त्याचं खरं दान. पंतप्रधान राष्ट्रीय मदत निधीसारख्या काही निधींना पूर्ण रक्कम वजा होते, पण तिथेही वाचतो तो त्या रकमेवरचा करच.

नवी करप्रणाली निवडलेल्या पगारदाराला ही वजावट मिळतच नाही. २,००० रुपयांवरची रोख देणगीही चालत नाही. चेक किंवा यूपीआय वापरा.

आणि पुस्तकं? घरातली शंभर पुस्तकं वाचनालयाला दिलीत तर फार चांगलं केलंत, पण वस्तुरूप दानाला ही सवलत नाही. वाचनालयवाल्या काकांकडे त्यासाठी पावतीचा आग्रह धरू नका, त्यांची अडचण होते.