कायदा कातड्यावर का छापत? चर्मपत्रामागचा इतिहास

ब्रिटिश संसदेने केलेल्या प्रत्येक सार्वजनिक कायद्याच्या दोन नोंद-प्रती अगदी गेल्या दशकापर्यंत वासराच्या कातड्यापासून केलेल्या चर्मपत्रावर छापल्या जात. एक संसदेच्या दफ्तरात राही, दुसरी राष्ट्रीय अभिलेखागारात. १९४७ चा भारतीय स्वातंत्र्याचा कायदा याच पद्धतीतला. कंपनीकडून हिंदुस्थान काढून तो राणीच्या हाती देणारा १८५८ चा कायदाही तसाच. ही प्रथा मोडण्यावरून २०१६ साली लंडनमध्ये जो वाद झाला, तो म्हणूनच आपल्यालाही दूरचा नाही.

चर्मपत्राचा उगम पेर्गामॉन या आजच्या तुर्कस्तानातल्या प्राचीन ग्रीक नगरात झाला, ही गोष्ट सर्वत्र सांगितली जाते. इजिप्तच्या राजाने पपायरसची, म्हणजे लव्हाळ्यासारख्या वनस्पतीपासून केलेल्या लेखनपत्राची, निर्यात बंद केली आणि पेर्गामॉनच्या राजाने कातड्याचा पर्याय शोधला, अशी ती कथा. पण कातड्यावर लिहिणं त्याच्या कितीतरी आधीपासून चालू होतं. पेर्गामॉनने फार तर ते सुधारलं असेल आणि त्याला ‘पार्चमेंट’ हे नाव दिलं असेल. पुढे चौथ्या शतकाच्या सुमारास गुंडाळीची जागा पानांच्या ग्रंथाने घेतली, आणि दुमडून शिवता येणारं, दोन्ही बाजूंनी लिहिता येणारं चर्मपत्र युरोपात हजार वर्षं टिकून राहिलं. भारतात ते रुजलं नाही. इथे भूर्जपत्र आणि ताडपत्र होतं, आणि दानाची सनद पिढ्यान्‌पिढ्या टिकावी म्हणून ताम्रपट होता. तरी रोमन सम्राट ऑगस्टसकडे गेलेल्या एका भारतीय शिष्टमंडळाने चर्मपत्रावर लिहिलेलं ग्रीक पत्र नेलं होतं, अशी नोंद एका ग्रीक भूगोलकाराने केलेली आहे.

चर्मपत्र म्हणजे कमावलेलं कातडं नव्हे, आणि त्याच्या टिकाऊपणाचं मर्म इथेच आहे. चामडं कमावताना सालीतलं टॅनिन वापरतात. चर्मपत्राला ते लागत नाही. कातडं धुऊन कित्येक दिवस चुन्याच्या पाण्यात ठेवतात, मग केस आणि आतलं मांस खरवडून काढतात. त्यानंतर ते ओलंच लाकडी चौकटीवर ताणतात. दोरी थेट कातड्याला बांधली तर ते फाटतं, म्हणून कडेला गोटे गुंडाळून त्यांच्याभोवती दोरी आवळतात. ताणलेल्या कातड्यावर चंद्रकोरीच्या आकाराचं पातं फिरतं. ते वाळत जातं तसा ताण वाढवला जातो, पुन्हा खरवडलं जातं. या ताणाखाली वाळतानाच कातड्यातले तंतू पृष्ठभागाला समांतर थरांत बसतात आणि कातड्याचं ताठ पान होतं. शेवटी प्युमिस हा सच्छिद्र ज्वालामुखी दगड आणि खडूची भुकटी घासतात. चुन्याचा अंश आत राहतो, त्यामुळे कागदाला खाणारं आम्ल इथे सहज घर करत नाही. शत्रू आहेत ते दमटपणा आणि उष्णता: दमट हवेत चर्मपत्र वळतं, लाटा धरतं.

इंग्लंडमध्ये १०८६ ची जमीन-महसुलाची पाहणी आणि १२१५ ची ‘मॅग्ना कार्टा’ ही सनद आजही वाचता येते, ती यामुळेच. संसदेचे कायदे १८४९ पर्यंत हाताने लिहून, चर्मपत्राचे तुकडे जोडून गुंडाळ्यांत ठेवत. १८२१ च्या एका करविषयक कायद्याची गुंडाळी ३४८ मीटर लांब आहे. १८३४ च्या आगीत खालच्या सभागृहाचं दफ्तर जवळजवळ सगळं जळालं. कायद्यांच्या गुंडाळ्या रस्त्यापलीकडच्या जुन्या बुरुजात होत्या, म्हणून वाचल्या. १८४९ नंतर हस्तलेखन थांबलं आणि छपाई आली, तरी कातडं कायम राहिलं.

कागदाकडे वळण्याचा पहिला प्रयत्न १९९९ चा. वरचं सभागृह तयार होतं, खालच्याने नकार दिला. २०१६ च्या फेब्रुवारीत वरच्या सभागृहाच्या प्रशासनाने पुन्हा तोच निर्णय जाहीर केला. कारण खर्चाचं: वर्षाला सुमारे ८० हजार पौंड वाचतील. चर्मपत्र पुरवणाऱ्या एकमेव कारखान्याने हा आकडा अमान्य केला. आपल्याला मिळणारी रक्कम त्याहून बरीच कमी आहे, असं त्याचं म्हणणं होतं. सरकारच्या एका खात्याने तर हा खर्च आपण देऊ, असंही कळवलं. २० एप्रिल २०१६ रोजी खालच्या सभागृहाने ३८ विरुद्ध ११७ मतांनी चर्मपत्राच्या बाजूने कौल दिला.

पण तो बंधनकारक नव्हता. छपाईची व्यवस्था वरच्या सभागृहाकडे होती आणि ते मागे हटलं नाही. त्यांचा मुख्य मुद्दा असा की अभिलेखी दर्जाचा कागद पाचशे वर्षं टिकतो. असेलही. मात्र कागदाचं आयुष्य प्रयोगशाळेतल्या चाचण्यांवरून काढलेला अंदाज आहे, तर चर्मपत्राचं हजार वर्षांचं आयुष्य कपाटांत प्रत्यक्ष ठेवलेलं आहे. ज्या देशाला आपली लिखित परंपरा जगाला दाखवायची असते, त्याने एवढ्या रकमेसाठी ही तुलना बाजूला सारावी, हे मला पटलेलं नाही. कातड्यासाठी वासरं मारली जातात हा आक्षेपही तपासला तर टिकत नाही. ती कातडी मांस आणि दूध उद्योगातून उरलेली असतात. खरी हानी कौशल्याची होते. पातं किती दाबायचं, ताण कधी वाढवायचा, हे हातालाच कळतं, आणि मोठा नियमित गिऱ्हाईक गेला की नव्याने शिकायला येणाऱ्यासाठी काम उरत नाही.

२०१७ मध्ये तडजोड झाली. नोंद-प्रतीचं पुढचं आणि मागचं वेष्टण चर्मपत्राचं, कायद्याचा मजकूर मात्र अभिलेखी कागदावर. वादाचा विषय मजकूर किती काळ टिकेल हा होता, आणि तडजोडीत चर्मपत्र मिळालं ते वेष्टणाला.